एन्ट्री वाजवणारे गुलाबभाऊ

आमच्या शेजारचे गुलाबभाऊ दारात माणूस आला की आधी त्याची एन्ट्री वाजवतात आणि मग 'या' म्हणतात.

तुम्हाला वाटेल बाई काहीतरी वाढवून सांगते. नाही हो. त्यांचा ऑर्गन खिडकीपाशीच मांडलेला आहे. पायाने भाता मारायचा, हाताने वाजवायचं आणि डोळे रस्त्यावर ठेवायचे. दूधवाली कौसल्या फाटकाशी आली की टुणुक टुणुक काहीतरी सुरू होतं, जशी नाटकात नायिकेची मैत्रीण उड्या मारत येते. बँकेतले साहेब आले की खालच्या पट्टीत, जड, जसा गावचा जमीनदार. एकदा त्या साहेबांना वाईटच वाटलं.

"काका, मी तुमचंच काम करायला आलो. माझ्यासाठी असं का वाजवता?"

भाऊ म्हणाले, "तुम्ही काऊन आले ते मले नंतर समजलं साहेब. मी तं चेहऱ्यावरून वाजवलं."

माझी एन्ट्री कोणती, ते मला बरेच दिवस कळत नव्हतं. लाडिक, जरा लंगडत येणारी चाल होती. मी मनात खूश होते. मग एका नाटकवाल्या बाईने सांगितलं, "शकुनबाई, ते तं साखर मागाले येणाऱ्या शेजारणीचं म्युझिक आहे." आता मी त्यांच्या घरी आजवर साखर मागायला गेले असेन तर शपथ. साखर ते मागतात. पण त्यांच्या एन्ट्रीला वाजवणारं आमच्या घरी कोणी नाही, म्हणून ते सुटतात.

मी चौथीत शाळा सोडली. पुढचं वाचणं-लिहिणं माझं मीच केलं. तेव्हा जशी बोलते तसंच लिहिते, चालवून घ्या.

तर गुलाबभाऊ हे आमच्या आरमोरीचे, पण त्यांचं आयुष्य गेलं नाटक कंपनीबरोबर. आमच्याकडे धान घरात आलं, मंडई म्हणजे गावची जत्रा भरली, की गावोगावी नाटकं सुरू होतात. स्टेजच्या पुढे खड्ड्यासारख्या जागेत वाजवणारे बसतात. त्यात मधोमध ऑर्गनवाला, तो सगळ्यांचा मालक. नट आला की वाजवायचं, गेला की वाजवायचं, रडला की वाजवायचं. आणि नट वाक्य विसरला तर सगळ्यात जास्त वाजवायचं, लोकांना कळूच द्यायचं नाही. गुलाबभाऊंचं ब्रीदवाक्यच होतं, "खाली जागा सोडाची नाई." खाली म्हणजे रिकामी. हे ते जेवतानाही म्हणायचे. ताटात भात आणि वरणाच्या मध्ये जागा दिसली की तिथे चटणी.

घरातही तसंच. पुढच्या खोलीत टीव्ही, स्वयंपाकघरात रेडिओ, थंडीतही गरगरणारा पंखा, आणि त्यावर ऑर्गन. विमल, त्यांची बायको, होती तोवर ती एकेक बटण बंद करत फिरायची. ती गेली, आणि बंद करणारं कोणी राहिलं नाही. आमची आणि त्यांची भिंत एकच. आमचे हे वैतागायचे.

"गुलाबच्या घरी टीव्ही पाहाले कोनी नाई अन् टीव्ही बंद होत नाई. तो सिरियल पाह्यते का ऐकते?"

मी म्हणायची, "तुम्ही तरी ऐका. फुकटात भेटून राह्यली."

पुढे झालं असं की कंपन्यांनी संगीत पेन ड्राइव्हवर आणायला सुरुवात केली. एक पोट्टा एक बटण दाबतो आणि पन्नास वाद्यं वाजतात. भाऊंना कोणी 'येऊ नका' म्हणालं नाही, नुसतं 'या' म्हणणं थांबलं. दुसरा कोणी असता तर ओट्यावर बसून जमान्याला शिव्या देत राहिला असता. हा माणूस गडचिरोलीला गेला आणि एक जुना लॅपटॉप घेऊन आला. माऊस उलटा धरून सुरुवात केली. "सुरुवातीले ऑर्गन बी मी उलटाच शिकलो होतो," म्हणाले. साठी उलटून गेली होती. पण एकदा ठरवलं की त्या माणसाला बैलही हलवू शकत नाही.

आपल्या भागातली काही पोरं मोबाइलवर, भाड्याच्या कॅमेऱ्यावर छोटे छोटे सिनेमे करतात. पैसा नाही, ओळख नाही, पण जिद्द आहे. त्यांना संगीतवाला परवडत नव्हता आणि भाऊंना रिकामं बसणं परवडत नव्हतं. जमलं. मागच्या खोलीत स्टुडिओ उभा राहिला. भिंतींना अंड्यांचे ट्रे, दाराला बारदाना, आणि छताला माझ्या दोन गोधड्या. वाळत घातल्या होत्या त्या. मी मागायला गेले तर म्हणाले, "शकुनबाई, तुमच्या गोधडीनं गूंज कशी मरते पाहा. तुमचं नाव सिनेमात देईन." अजून दिलेलं नाही.

मग माइक आला. हवेचा आवाज येऊ नये म्हणून त्याला करड्या केसांची टोपी. गल्लीतली पोरं त्याला मुंगूस म्हणतात. सकाळी भाऊ मुंगूस काठीला बांधून फिरायला निघायचे. कोणी धान पाखडत असेल, कोणी जाळं झटकत असेल, तिथे मुंगूस पुढे. "बाई, पुन्हा एकदा झटका. अन् बोलू नका." आता आमच्या बायका, न बोलता काम करणार म्हणजे कठीणच.

वाघाची गोष्ट सांगते आणि पुढे जाते. एका पोराच्या सिनेमात वाघाची डरकाळी पाहिजे होती. भाऊंनी मडक्याच्या तोंडाला कातडं ताणलं, मधोमध दोरी ओवली, आणि ओल्या फडक्याने ती दोरी ओढली. दिवेलागणीची वेळ. आमच्याकडे वाघ ही काही गोष्टीतली वस्तू नाही, तलावामागच्या पांदीत येऊन जातो. दोन वेळा दोरी ओढली, आणि गल्लीतली दारं धडाधड लागली. कौसल्या म्हशीसकट घरात. थोड्या वेळाने वनरक्षक काठी घेऊन हजर. "कुठी दिसला?" भाऊ मडकं घेऊन बाहेर आले. वनरक्षकाने आधी मडक्याकडे पाहिलं, मग भाऊंकडे, आणि म्हणाला, "काका, पुन्हा वाजवू नका. खरा येईन भेटाले." भाऊ कितीतरी दिवस सांगत फिरत होते, "मले जंगल खात्याचं सर्टिफिकेट भेटलं."

आणि मग अस्मिता आली.

चामोर्शीच्या एका शिक्षकाची पोरगी. पुण्याला सिनेमाचं शिकून आली आणि इथेच राहिली. तिने मित्रमंडळी गोळा करून एक पूर्ण लांबीचा सिनेमा काढला होता. तलावावर मासोळ्या धरणाऱ्या एका माणसाच्या बायकोची गोष्ट. नवरा जातो, पुढे ती जाळं हातात घेते, एवढंच. संगीत आणि सगळे आवाज तिने गुलाबभाऊंना करायला सांगितले. एवढं मोठं काम त्यांना कधी आलं नव्हतं. ते म्हणाले, "डायरेक्टर बाई, एक इंच खाली जागा सोडत नाई, पाहाच तुम्ही."

पोरीने तेव्हाच सावध व्हायला पाहिजे होतं.

पहिलं काम तयार झालं त्या दिवशी मीही चहा घेऊन गेले आणि तिथेच बसले. पडद्यावर तलाव. बाई येते, ऑर्गन. नवरा येतो, ऑर्गन आणि ढोलकी. सासू येते, ती लंगडी चाल मला ओळखीची वाटली, पण मी गप्प बसले. मग एक बकरी कोपऱ्यातून आली आणि तबला वाजला.

अस्मिताने सिनेमा थांबवला. "काका, ही बकरी कोण आहे?"

"बकरीच आहे."

"मंग तिच्यासाठी तबला काऊन?"

"पह्यल्यांदा येऊन राह्यली ना ती. लोकायले समजलं पाहिजे."

"लोकायले बकरी दिसते, काका."

भाऊ जरा नाराज झाले. पोरगी हुशार होती, भांडली नाही. तिने मऊपणे समजावलं की नाटकात लोक लांब बसतात, त्यांना चेहरा दिसत नाही, म्हणून वाजवावं लागतं. सिनेमात चेहरा एवढा मोठा असतो, त्याच्यावर वाजवलं तर तो झाकतो. भाऊंनी ऐकलं. रात्री जेवले नाहीत बहुतेक, कारण साखर मागायला आले नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी मला म्हणाले, "पोट्टी बरोबर बोलते. सगळं काढतो. नव्यानं करतो. करतोच."

आणि केलं. महिनाभर त्या घरात काय चाललं होतं ते आम्हालाच माहीत. तडफडणारी मासोळी म्हणून ओला शेला फरशीवर आपटला. चिखलातले पाय करायला परातीत तलावाची माती कालवली. परात माझी. वरून मलाच त्यात उभं केलं.

"माह्ये पाय पुरुषाचे वाजते, शकुनबाई. तुम्ही चाला. पन थकून चाला."

"भाऊ, मी सकाळपासून थकूनच आहे."

"मंग ते वाजत काऊन नाई?"

मी दुपारभर परातीत चालले. सिनेमातली ती बाई चिखलातून जाते तेव्हा पाय माझे आहेत, हे मी पाहुण्यांना आवर्जून सांगते.

अस्मिता येऊन ऐकायची आणि खूश व्हायची. बकरी आता नुसती बकरी होती. ऑर्गन सगळ्या सिनेमात दोन-तीन ठिकाणीच, आणि तोही इतका हळू की मला वाटलं भाता फाटला. सगळं जमलं. अडलं ते एकाच जागी.

सिनेमात नवऱ्याची तेरवी होते. जेवणं होतात, पाहुणे आपापल्या गाड्यांनी जातात, मोठी भांडी मांडववाला घेऊन जातो. आणि ती बाई घरात एकटी बसते. काही करत नाही, रडतसुद्धा नाही. नुसती बसते, आणि बराच वेळ बसते. तिथे काय वाजवायचं?

भाऊंनी बासरी लावली. अस्मिता म्हणाली नाही. ऑर्गनचा एकच सूर धरला. नाही. तंबोरा. नाही.

"डायरेक्टर बाई, तुम्हाले पाहिजे तरी काय?"

"काका, ती एकटी बसली आहे. तुम्ही काहीबी वाजवलं की ते म्युझिक तिच्याजवळ जाऊन बसते. तिच्याजवळ कोनी नाई पाहिजे. मले नुसतं घर ऐकू आलं पाहिजे."

तेव्हा मला कळलं की रिकाम्या घराचाही आवाज असतो. दर घराचा वेगळा. सिनेमावाले तो मुद्दाम रेकॉर्ड करून ठेवतात, कारण खरोखर काहीच ऐकू आलं नाही तर बघणाऱ्याला वाटतं मशीन बिघडली. हे काम सोपं आहे. माइक लावायचा आणि गप्प बसायचं. पण गुलाबभाऊ आणि गप्प.

ते रिकामी घरं शोधत हिंडू लागले. कोणी हैदराबादला कामाला गेलं की त्याच्या घराची किल्ली मागायची. आत जाऊन बसायचं. परत येऊन ऐकायचं, तर त्यात बोटांचा ठेका. बोटं उशीखाली दाबून बसले, तर गुणगुण. गुणगुण थांबवायला तोंडात सुपारी धरली, तर सुपारी कुटकुटली. शेवटी मुंगूस आत ठेवून, कुलूप लावून, स्वतः बाहेर झाडाखाली बसले. ती टेप अस्मिताने कानाला लावून पूर्ण ऐकली.

"हे बंद घर आहे काका. याच्यात मानूस नाई. मले एका मानसाचं घर पाहिजे."

आता तारीख जवळ आली होती. सिनेमा एका मोठ्या महोत्सवाला पाठवायचा होता. अस्मिता ओट्यावर बसून चपलेशी खेळत होती. बोलताना तिला जड जात होतं. मुंबईचा एकजण आहे म्हणाली, करून देतो म्हणतो, पण तो अर्धवट काम हातात घेत नाही. द्यायचं तर पूर्ण सिनेमाच त्याला द्यावा लागेल.

म्हणजे भाऊंची मासोळी जाणार, माझे पाय जाणार, आणि गुलाबभाऊंचं नावही जाणार.

भाऊंनी मुंगसाची टोपी झटकली. "सोमवारी या," म्हणाले. "करतो म्हणलं तं करतो."

त्या शनिवारी की रविवारी, सांजेची गोष्ट. मी स्वयंपाकाला लागले होते. आमचे हे खाटेवर पडल्या पडल्या म्हणाले, "आज गुलाब गावाले गेला वाटते."

मी कान दिला. भिंतीपलीकडे टीव्ही नव्हता. रेडिओ नव्हता. पंख्याची घरघरसुद्धा नव्हती.

"गेले असतीन कोणाच्या घराची किल्ली मागाले," मी म्हणाले, आणि फोडणी टाकली. त्या दिवशी आम्ही दोघं जरा निवांत जेवलो, खोटं कशाला बोलू.

सोमवारी अस्मिता आली, मागच्या खोलीत गेली, आणि बऱ्याच वेळाने बाहेर आली. मी विचारलं, "जमलं का?" तिने नुसती मान हलवली. डोळे लाल दिसले. मला वाटलं गेलं काम मुंबईला. पण भाऊंनीच सांगितलं, "घेतलं पोट्टीनं." मला ऐकवा म्हटलं तर म्हणाले, "सगळ्यायसंगच ऐका."

सिनेमा पाठवण्याआधी अस्मिताने तो इथे शाळेच्या हॉलमध्ये दाखवला. दुपारी, खिडक्यांना काळे पडदे लावून. सगळी गल्ली आली. चिखलात बाई चालली तेव्हा मी कौसल्येला कोपर मारलं. बकरी आली तेव्हा कोणी हललंसुद्धा नाही.

मग तेरवी आली. पाहुणे गेले. बाई भिंतीला टेकून बसली.

आधी वाटलं काहीच नाही. मग हळूहळू कान उघडले. माठातून थेंब पडत होता. वर कुठेतरी पाल बोलली. कोणीतरी श्वास घेत होतं, अगदी जपून. आणि मग, भिंतीपलीकडून, लांबून यावी तशी फोडणी चरचरली. ताट मांडल्याचा आवाज. कुकरची शिट्टी. आणि एक बाई कोणाला तरी विचारते, "भाजीत मीठ कमी तं नाई झालं?" आणि एक पुरुष तोंडात घास धरून म्हणतो, "बरोबर आहे."

पडद्यावरची बाई बसलेलीच.

आमचे हे माझ्याकडे वळले. हळूच म्हणाले, "शकुन, ही तं तू आहेस."

हॉलमध्ये आम्हाला ओळखणारे सगळेच होते. कोणी हसलं नाही.

सिनेमा संपल्यावर अस्मिताने मला गाठलं. "बाई, तुम्हाले विचारलं नाई, राग नका धरू. मी काकाले म्हणलं होतं, शेजारचा आवाज पुसून टाकू, मशीनवर होते ते. काका म्हणाले, तो पुसला तं घर खाली कसं वाटन."

गुलाबभाऊ हॉलच्या बाहेर, हातपंपापाशी उभे होते. सिनेमा पाहायला ते आत बसलेच नव्हते. मी जवळ गेले. मी तोंड उघडायच्या आधी तेच बोलले, पंपाच्या दांड्याकडे पाहत.

"विमलची तेरवी झाली, पाहुणे गेले, त्या सांजले मी असाच बसलो होतो. तुमच्या घरून आवाज आला. तुम्ही तुमच्या मालकाले मिठाचं विचारलं. विमल बी रोज विचारे. मी आपला वाजवत बसो, अन् नुसतं हं म्हणो." दांडा एकदा उगाच दाबला. "ते ऐकवलं नाई गेलं. म्हून उठून रेडिओ लावला. मंग टीव्ही. मंग सगळंच."

"अन् आता?"

"आता सिनेमाले पाहिजे होतं ना. बसलो मंग. पूरा बसलो."

सिनेमा गेला महोत्सवाला. घेतात की नाही ते अजून कळायचं आहे. त्यात नाव मात्र गुलाबभाऊंचंच आहे, संगीत आणि आवाज, दोन्हीला. अस्मिताने पुढच्या सिनेमाचंही काम त्यांनाच सांगितलं आहे.

त्या दिवशी हॉलमधून घरी येऊन मी चूल पेटवली. गॅस आहे, पण वांगी मी चुलीवरच करते. भाजी उतरवली, चाखली. हे ताटावर बसले होते. मी त्यांना काही विचारलं नाही. पदर खोचला, भिंतीपाशी गेले आणि अख्ख्या गल्लीला ऐकू जाईल एवढ्या आवाजात म्हणाले, "गुलाबभाऊ, भाजीत मीठ कमी तं नाई झालं?"

पलीकडे खाट करकरली.

"इथून कसं सांगू, शकुनबाई?" भाऊंचा आवाज आला.

"मंग तिथी काऊन बसले?"

हे घास हातात धरून भिंतीकडे पाहत होते. मी तिसरं ताट काढलं.

मग त्यांच्या दाराची कडी वाजली.